दिवा हिरवा आहे, उतर!

गेल्या पावसाळ्यात आमच्या विहाराच्या अभ्यासिकेत मोठा वाद झाला. वाद आरक्षणावर नव्हता, ऐक्यावर नव्हता, जयंतीच्या मिरवणुकीत कुणाचा रथ पुढे यावरही नव्हता. वाद झाला तो तीनशे रुपयांच्या एका पट्टीवरून. काडेपेटीपेक्षा थोडी लांब पट्टी, वर एक चिप, चिपमध्ये वायफाय, दोन्ही कडांना पिना. तिचं नाव नोडएमसीयू. तिच्यावर जी ईएसपी८२६६ चिप असते ती शांघायच्या एस्प्रेसिफ कंपनीची. २०१४ च्या सुमारास ती बाजारात आली आणि जगभरच्या हौशी लोकांना वायरशिवाय बोलणारी यंत्रं शे-दोनशे रुपयांत बनवता येऊ लागली. तिच्या मागून २०१६ मध्ये ईएसपी३२ आली. आज मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवर दोन्ही पट्ट्या भाजीसारख्या मिळतात.

आम्ही म्हणजे तिघं. एक समाजशास्त्रात एम.ए. करून वस्तीत सामाजिक काम करणारा, एक आयटीआय झालेला वायरमन आणि एक बी.कॉम.च्या शेवटच्या वर्षाला असलेली ताई. इलेक्ट्रॉनिक्समध्ये तिघंही अडाणी. वायरमनला २३० व्होल्टची भीती नाही, पण ३.३ व्होल्टवर चालणाऱ्या वस्तूचं काय करायचं हे त्याला आमच्याइतकंच ठाऊक होतं, म्हणजे अजिबात नाही. अभ्यासिकेत आठवी ते बारावीची बारा-तेरा मुलं-मुली येतात. रविवारी वंदना झाल्यावर दोन तास त्यांच्यासोबत आपणही शिकायचं, असं ठरलं.

पहिला आक्षेप घरातूनच आला. आमचे एक ज्येष्ठ कार्यकर्ते आहेत, सगळी वस्ती त्यांना गुरुजी म्हणते. ते म्हणाले, "बाबासाहेबांनी तुमच्या अंगावर कोट चढवला, हातात पुस्तक दिलं. तुम्ही पोरांच्या हातात परत पक्कड देताय? कारागीर करायचंय का त्यांना?" हा आक्षेप हसण्यावारी नेण्यासारखा नाही. ज्यांच्या पिढ्यान्‌पिढ्या हातांवर गेल्या, त्यांनी हाताच्या कामाकडे संशयानेच बघावं. आमच्या अभ्यासिकेच्या भिंतीवर एमपीएससीचे तक्ते आहेत ते त्याच संशयापोटी. पण आमचं उत्तर असं होतं की जातीव्यवस्थेने आपल्याला हाताचं काम दिलं म्हणून ती वाईट नाही. हात एका जातीला आणि डोकं दुसऱ्या जातीला वाटून दिलं आणि ही वाटणी जन्मावर बांधली, म्हणून ती वाईट. 'जातिभेद निर्मूलन' १९३६ चं आहे, त्यातला हा मुद्दा गुरुजींनीच आम्हाला शिकवला होता. आणि १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूर खातं सांभाळताना बाबासाहेब काय करत होते? वीजनिर्मिती, धरणं, तांत्रिक प्रशिक्षण. केंद्रीय तांत्रिक ऊर्जा मंडळ १९४४ चं, त्यांच्याच कारकिर्दीतलं. वीज कुणाच्या ताब्यात राहणार हा त्यांच्या दृष्टीने राजकीय प्रश्न होता.

उच्चभ्रू सोसायटीतल्या मुलाने टेबलावर सोल्डरिंग केलं की त्याला 'मेकर' म्हणतात, 'इनोव्हेटर' म्हणतात. आपल्या वस्तीतला मामा वीस वर्षं मिक्सर आणि टीव्ही दुरुस्त करतो, तो मिस्त्री. हत्यार तेच, धूर तोच. आपली मुलं हे हत्यार कुठल्या नावाखाली हातात घेणार, हे आम्हाला बघायचं होतं. गुरुजींना पटलं नाही, पण त्यांनी अभ्यासिकेची किल्ली दिली. शिवाय पट्टीसाठी शंभर रुपयेही दिले, ते त्यांना सांगायला आवडणार नाही.

पहिले दोन रविवार पूर्ण वाया गेले. पट्टी लॅपटॉपला जोडली, तिचा दिवा लागला, पण लॅपटॉपला ती दिसेच ना. ड्रायव्हर टाकला, काढला, परत टाकला. मुलं शेजारी बसून बघत होती. तिसऱ्या आठवड्यात वायरमनने वेगळ्या फोनची केबल लावून बघितली आणि पट्टी लगेच दिसली. आमची आधीची केबल फक्त चार्जिंगची होती, तिच्यात माहिती वाहून नेणाऱ्या दोन तारा नव्हत्याच.

गोष्ट क्षुल्लक आहे, जगातल्या प्रत्येक शिकाऊ माणसाला ती भेटते. पण त्या दोन रविवारी मुलं एकमेकांत काय बोलत होती ते आम्ही ऐकलं. "आपल्याला नाही जमणार." "हे त्यांचं काम आहे." नववीतली एक मुलगी म्हणाली, "आम्ही मराठी मीडियमचे ना सर, म्हणून." केबल खराब आहे हे एकाच्याही मनात आलं नाही. ज्या घरात आजोबांपासून इंजिनियर आहेत, तिथलं पोर यंत्र बंद पडलं की यंत्राला शिव्या देतं. आपलं पोर स्वतःला देतं. 'मेरिट' नावाची जी गोष्ट आपल्या तोंडावर फेकली जाते, तिचा बराच भाग या एका सवयीत आहे असं आमचं मत झालं आहे. यंत्रावर संशय घेण्याची हिंमत हीच भांडवल असते आणि ती वारशाने मिळते. म्हणून ती केबल आम्ही फेकली नाही. अभ्यासिकेत खिळ्याला टांगली आहे आणि नवीन मुलगा आला की आधी तीच त्याच्या हातात देतो.

मग दिवा लुकलुकला. पट्टीवरचा निळा दिवा उलटा चालतो, म्हणजे प्रोग्रॅममध्ये 'लो' म्हटलं की लागतो आणि 'हाय' म्हटलं की विझतो. मुलांनी ते स्वतः शोधलं आणि आम्हाला सांगितलं. आम्ही तीन दिवस आधी वाचून आलो होतो, पण माहीत नसल्यासारखं केलं. यापुढचं मात्र खरंच माहीत नव्हतं. घरचं राउटर दोन वायफाय देतं, त्यातलं ५ गिगाहर्ट्‌झचं या पट्टीला दिसतच नाही, २.४ चंच लागतं. पट्टीच्या पिना ३.३ व्होल्टच्या, तिच्यात ५ व्होल्टचा सिग्नल घालायचा नाही. एक पट्टी जाळल्यावर हे कायमचं कळलं. ईएसपी३२ घेतली तर तिच्या काही अॅनालॉग पिना वायफाय चालू असताना कामच करत नाहीत. या गोष्टी कुणी न सांगता कळाव्यात अशी अपेक्षाच चूक आहे, सांगणारा लागतो. आपल्या वस्त्यांत सांगणारा नसतो, म्हणून आम्ही इथे लिहून ठेवतो आहोत. आमचा एकच कडक नियम होता. घरच्या बोर्डाच्या विजेला मुलांनी हात लावायचा नाही, ते काम वायरमनचं.

पहिलं कामाचं यंत्र बनलं ते सार्वजनिक शौचालयाच्या गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीसाठी. ध्वनीचा सेन्सर टाकीच्या झाकणाला लावायचा. तो आपल्याला ऐकू न येणारा आवाज पाण्याकडे सोडतो आणि प्रतिध्वनी परत यायला किती वेळ लागला ते मोजतो. जाऊन-येऊन एका सेंटिमीटरला साधारण ५८ मायक्रोसेकंद, म्हणजे वेळेला ५८ ने भागलं की अंतर मिळतं. दहावीच्या मुलांनी आवाजाच्या वेगावरून हा ५८ फळ्यावर काढला तेव्हा वायरमन म्हणाला, "आयटीआयला आम्हाला हे पाठ करायला लावलं असतं." टाकी भरली की टेलिग्रामवर संदेश येतो आणि शौचालय सांभाळणाऱ्या मावशी मोटर बंद करतात. गच्चीवरून वाहून जाणारं पाणी थांबलं. पाण्याचा प्रश्न आपल्याला महाडपासून चिकटलेला आहे. त्यातलं हे यश इवलंसं, पण मुलांची मान वर झाली.

आणि त्याच जोरात वाद आला.

अकरावीतला एक मुलगा, त्याचे वडील कंत्राटदाराकडे ड्रेनेजच्या कामावर आहेत. एका रविवारी तो म्हणाला, "आपण गॅसचं यंत्र बनवू. पप्पा उतरायच्या आधी ते खाली सोडतील. लाल दिवा लागला तर उतरायचं नाही, हिरवा लागला तर उतरायचं." सगळे एकदम गप्प झाले. यापेक्षा चांगली कल्पना कुणाला सुचणार? आम्ही त्याच संध्याकाळी सेन्सर मागवला. एमक्यू-१३५, दीड-दोनशे रुपयांत मिळतो. आठवडाभरात यंत्र तयार झालं. डब्याला दोरी, वर हिरवा आणि लाल असे दोन दिवे, फोनवर आकडा. अगरबत्ती जवळ नेली की लाल. मुलांनी टाळ्या वाजवल्या. आम्हीही वाजवल्या, हे कबूल करतो.

मुलाने वडिलांना बोलावून आणलं. काका कामावरून आंघोळ करून, इस्त्रीचा शर्ट घालून आले. यंत्र हातात घेऊन त्यांनी बराच वेळ उलटसुलट करून पाहिलं. मुलाने सगळं समजावून सांगितलं. मग काका हळूच म्हणाले, "छान केलंय. पण हे मुकादमाला दाखवू नका."

आम्ही विचारलं, "का?"

"आता तो म्हणतो, उतर. मी म्हणतो, वास येतोय, थांबू जरा, झाकण उघडं राहू दे. थोडा वेळ तरी मिळतो. हे आलं की तो म्हणेल, दिवा हिरवा आहे, उतर."

मुलगा चिडला. "पप्पा, तुमचा जीव वाचावा म्हणून बनवलंय!" काका म्हणाले, "माहितेय रे." पुढे बाप-लेक काही बोलले नाहीत. त्या रात्री अभ्यासिका अकरापर्यंत उघडी होती. अर्धी मुलं मुलाच्या बाजूने, अर्धी काकांच्या. समाजशास्त्राची पदवी असलेला आमच्यातला माणूस त्या रात्री सगळ्यात कमी बोलला, कारण सहा वर्षांच्या शिक्षणात जे त्याने 'तंत्रज्ञान आणि सत्तासंबंध' या मथळ्याखाली वाचलं होतं, ते काकांनी एका वाक्यात सांगून टाकलं होतं.

पुढच्या रविवारी आम्ही भावना बाजूला ठेवून यंत्रच तपासलं. ४०० च्या खाली हिरवा आणि वर लाल असं आम्ही प्रोग्रॅममध्ये लिहिलं होतं. हे ४०० कुठून आलं? एका व्हिडिओतून. सॅनिटायझरची बाटली उघडली, तर आकडा अगरबत्तीपेक्षा वर गेला. म्हणजे हा सेन्सर कोणता गॅस आहे ते सांगत नाही, काहीतरी आहे एवढंच सांगतो. त्याच्या आत हीटर असतो, तो नीट तापून स्थिर व्हायला पहिल्यांदा चोवीस तास किंवा जास्त लागतात. गटारात माणूस मरतो तो मुख्यतः हायड्रोजन सल्फाइडने, नाहीतर ऑक्सिजन कमी पडल्याने. हवेत ऑक्सिजन सुमारे २०.९ टक्के असतो, तो १९.५ च्या खाली गेला की धोका धरतात. आमच्या डब्याला ऑक्सिजन मोजता येतच नव्हता. हायड्रोजन सल्फाइडला सडक्या अंड्याचा वास असतो, पण त्याचं प्रमाण वाढलं की नाकच बधिर होतं आणि वास येईनासा होतो. माणसाला वाटतं, गेला गॅस. सगळ्यात मोठी गोष्ट काकांनीच सांगितली. गॅस गाळात दबलेला असतो. वरून बघाल तर काही नसतं. पाय पडला, फावडं फिरलं, की उसळतो. म्हणजे उतरण्याआधी लागलेला हिरवा दिवा, तो दिवा कितीही महागडा असला तरी, उतरल्यानंतरच्या दुसऱ्या मिनिटाबद्दल काही सांगत नाही.

आता कायद्याकडे बघा. हाताने मैला साफ करण्याला बंदी घालणारा २०१३ चा कायदा गटार आणि सेप्टिक टँकच्या 'धोकादायक सफाई'लाही बंदी घालतो. पण धोकादायक म्हणजे काय? व्याख्या वाचली तर कळतं की मालकाने संरक्षक साधनं न देता, काळजी न घेता हाताने करवून घेतलेली सफाई. म्हणजे साधनं दिली की तीच सफाई व्याख्येच्या बाहेर निसटते! हीच ती फट. या फटीत कंत्राटदाराला नेमकं काय हवं आहे? एक डबा, ज्यावर हिरवा दिवा लागतो आणि फोनमध्ये नोंद राहते. माणूस मेला तर दाखवायला कागद. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये गटारात मेलेल्यांच्या कुटुंबांना दहा लाख रुपये भरपाई ठरवली, ऑक्टोबर २०२३ मध्ये ती तीस लाख केली आणि माणूस गटारात उतरवणं टप्प्याटप्प्याने पूर्ण थांबवा असंही बजावलं. ही भरपाई चुकवायला आमच्या अकरावीच्या पोराचं यंत्र साक्षीदार म्हणून उभं राहिलं असतं.

म्हणून आमचा आपल्या इंजिनियरिंगच्या विद्यार्थ्यांशी थेट वाद आहे. दर वर्षी प्रोजेक्टच्या स्पर्धा होतात आणि त्यांत 'सफाई कामगारांसाठी स्मार्ट हेल्मेट' असतंच. आपलीच मुलंही ते करतात, तळमळीने करतात. एका कॉलेजातला आपला एक विद्यार्थी आमच्याकडे आला होता, त्याला हेल्मेट घालून फोटो काढायला एक कामगार हवा होता. आम्ही त्याला विचारलं, "हेल्मेट घातलेला माणूस कुठे चाललाय?" तो म्हणाला, "मॅनहोलमध्ये." बस. तुमच्या यंत्राने गृहीत धरलं आहे की माणूस आत जाणारच. आत जाणारा माणूस कोणत्या जातीचा असणार, हेही तुमच्या यंत्राने न बोलता गृहीत धरलं आहे. तिरुवनंतपुरममधल्या काही तरुण इंजिनियरांनी मॅनहोल साफ करणारा बँडिकूट नावाचा रोबो बनवला. त्याची किंमत, त्याच्या मर्यादा यांवर वाद घालता येईल, पण त्यांनी सुरुवात योग्य प्रश्नाने केली, माणूस वरच राहिला पाहिजे. फोटो मिळाला नाही म्हणून तो विद्यार्थी आमच्यावर रागावून गेला. तो परत यावा असं आम्हाला वाटतं, त्याचं सोल्डरिंग आमच्यापेक्षा कितीतरी स्वच्छ आहे.

काही जण विचारतील, गॅस मोजायचाच नाही का? मोजायचा. पण तपासणी करून प्रमाणपत्र मिळालेल्या, ऑक्सिजनसह चार वायू मोजणाऱ्या उपकरणाने, आणि त्याचा खर्च मालकाने करायचा. पोरांच्या हौशी यंत्रावर जीव टांगायचा नाही. ते उपकरण असलं म्हणून माणूस उतरवायचा परवाना मिळतो, हेही मानायचं नाही.

मग आमच्या पट्टीचं काय? ती पडून राहिली नाही. काकांना विचारलं, माणूस नेमका कधी उतरवतात? ते म्हणाले, "तुंबल्यावर. घाण वर आली, लोक ओरडायला लागले की गाडीची वाट कोण बघतो? त्या तासाला उतरवतात." म्हणजे तुंबण्याची खबर आधी मिळाली तर गाडी बोलवायला वेळ मिळेल. शौचालयाच्या सेप्टिक टँकवर पातळी मोजायची ठरलं. मुलांनी लगेच पाण्याच्या टाकीचाच प्रोग्रॅम काढला, टाकी भरली की संदेश. काका हसले. "अरे, ही टाकी कायम भरलेलीच असते. एका तोंडाने येतं तेवढं दुसऱ्याने जातं. बाहेर जाणारा पाइप चोक झाला की मग पाणी त्या पाइपाच्या वर चढतं." आम्ही तिघांनी एकमेकांकडे बघितलं. आमच्यापैकी कुणालाही सेप्टिक टँक कसा चालतो हे माहीत नव्हतं, आणि बत्तीस-पस्तीस वर्षं आम्ही तो वापरत आलो. त्या दिवसापासून फळ्यापाशी काका उभे राहतात. गाळ किती साठला हे आमचं यंत्र सांगू शकत नाही, त्यासाठी गाडी बोलवायच्या तारखा वहीतच लिहायच्या, हेही त्यांनीच ठरवून दिलं.

या कामाला साधा ध्वनीचा सेन्सर चालत नाही, ओलीने आणि गॅसने गंजतो. वॉटरप्रूफ घेतला, तर तो वीस-पंचवीस सेंटिमीटरच्या आतलं अंतर वाचू शकत नाही, आणि आम्हाला धोका नेमका तिथेच हवा होता. मग झाकणावर पाइपाचा तुकडा बसवून सेन्सर फूटभर वर घेतला. झाकण कसं उघडायचं, वारा कुठून येतो ते बघून कुठे उभं राहायचं, किती वेळ थांबायचं, जवळ विडी-काडी का नको, हे काकांनी सांगितलं आणि तेवढा वेळ मुलांना लांब उभं केलं. पट्टी बाहेर भिंतीवर आहे, कारण काँक्रीटच्या आतून वायफाय येत नाही.

संदेश कुणाला जाणार यावर पुन्हा भांडण. कंत्राटदाराचा माणूस येऊन म्हणाला, आमच्याच फोनवर येऊ द्या, आम्ही बघून घेतो. आम्ही नाही म्हणालो. आता तो सात फोनवर एकाच वेळी जातो. शौचालय समितीचे तिघं, मावशी, आमच्यातली ताई, गुरुजी आणि काका. कंत्राटदार आठवा हवा असेल तर जोडू, पण एकटा नाही. संदेशात काय लिहायचं ते मुलाने वडिलांना विचारलं. तो असा आहे: "टाकीची पातळी वाढली. गाडी बोलवा. माणूस उतरवू नका."

पहिला संदेश आला रात्री पावणेदोनला. सातही जण धावत गेले, गुरुजी लुंगीवर. टाकीत काही नव्हतं. सेन्सरच्या तोंडाशी पाइपात एक भलंमोठं झुरळ बसलं होतं. आता यंत्र नऊ वेळा मोजतं, आकडे लहान-मोठे लावून मधला घेतं आणि असं पाच मिनिटं टिकलं तरच बोलतं. ही दुरुस्ती त्या अकरावीतल्या मुलाने केली. झुरळासाठी पाइपाच्या तोंडाला जाळी लावली तर जाळीचाच प्रतिध्वनी येतो, ते अजून सुटलेलं नाही. कुणाकडे उपाय असेल तर रविवारी वंदनेनंतर विहारात यावं.